ठेव

रोमला जाऊन आलो असं सांगितलं की मंडळी पहिलं विचारतात, पोपचं ते मोठं चर्च पाहिलंत का? पाहिलं. पण लिहायला बसलोय ते जमिनीखालच्या एका जागेबद्दल. दत्तजयंतीच्या अंकात ख्रिस्ती लोकांच्या थडग्यांवर लेख कशाला, असं कुणाच्याही मनात येईल. माझ्याही आलं होतं, म्हणून वर्षभर कागद पुढं ओढला नाही.

धाकटी मुलगी जर्मनीत असते. गेल्या वर्षी तिनं आम्हां दोघांना बोलावून घेतलं आणि चार दिवस रोमला नेलं. शहराच्या जुन्या तटाबाहेर आप्पिया नावाचा रस्ता आहे, इसवी सनापूर्वी ३१२ साली बांधायला घेतलेला. या रस्त्यालगत जमिनीच्या पोटात माणसं पुरण्याची भुयारं आहेत. त्यांना कॅटाकोम्ब म्हणतात. आम्ही पाहिलं ते संत कॅलिस्टस याच्या नावाचं. हा कॅलिस्टस आधी गुलाम होता म्हणतात. पुढं या स्मशानाची व्यवस्था त्याच्याकडे आली आणि शेवटी तो स्वतः पोप झाला. तिथं एकट्यानं आत सोडत नाहीत. भाषेप्रमाणे गट करतात, पुढं एक वाटाड्या. आमचा वाटाड्या म्हातारा पाद्री होता. सावकाश इंग्रजीत बोलायचा, मुलगी तिच्या आईला मराठीत सांगायची. फोटो काढायला मनाई. ते बरंच आहे.

पायऱ्या उतरून खाली गेलो. बाहेर ऊन होतं, आत शाल लागली. एका माणसापुरती वाट, दोन्ही बाजूंना भिंतीत एकावर एक कोनाडे, आपल्याकडं जुन्या वाड्यात भांड्यांची फडताळं असायची तसे. एकेका कोनाड्यात एकेक माणूस. अशा वाटा चार मजल्यांवर, सगळ्या मिळून सुमारे वीस किलोमीटर. रोमन कायद्यानं शहराच्या आत प्रेत ठेवायला बंदी होती, आणि ख्रिस्ती लोक जाळत नसत. तटाबाहेर जमीन महाग. तिथला दगड ज्वालामुखीच्या राखेचा, खणताना मऊ आणि हवा लागली की घट्ट होणारा. तेव्हा खाली खाली खणत गेले. आपल्या सह्याद्रीच्या काळ्या दगडात लेणी कोरणाऱ्यांना हे सुख नव्हतं. ख्रिस्ती लोक छळाच्या काळात इथं लपून राहत अशी एक समजूत आहे, तीही पाद्रीबाबांनी खोडून काढली. राहत नसत, फक्त आपली माणसं ठेवायला आणि त्यांच्या तिथीला यायला उतरत.

'ठेवायला' हा शब्द माझा नाही, त्यांचा आहे. थडग्यांवरच्या लॅटिन लेखांत पुष्कळदा 'पुरला' असं नसतं, 'ठेव म्हणून ठेवला' अशा अर्थाचा शब्द असतो. ठेव म्हणजे परत मिळायची वस्तू. इंग्रजी 'सेमेटरी'सुद्धा मूळ ग्रीक, 'झोपायची जागा' या अर्थाचा. मी मनात म्हटलं, ही सगळी देहाची माया. आपल्याकडं देह म्हणजे जुनं वस्त्र, टाकलं की संपलं. शिवाय आपल्या संप्रदायात तर श्रीपाद श्रीवल्लभ कुरवपूरला कृष्णेत अंतर्धान पावले, श्रीनृसिंहसरस्वती श्रीशैलाला निघून गेले. मागं राहिल्या त्या पादुका. आपल्याला थडग्याची गरजच पडली नाही, असा थोडा अभिमानही तिथं उभ्या उभ्या वाटून गेला. खोटं कशाला बोलू.

मग एक वळण आलं आणि कोनाडे एकदम लहान झाले. हातभर, काही तर वीतभर जास्त.

पाद्रीबाबा म्हणाले, त्या काळी लेकरं फार जात. ज्यांना ऐपत होती ते संगमरवरी फळी लावून वर नाव आणि वय कोरत. पुष्कळदा किती वर्षं, किती महिने, किती दिवस, इतकं मोजून. ज्यांना ऐपत नव्हती ते विटा आणि चुन्यानं कोनाडा बंद करत आणि चुना ओला असताना त्यात काहीतरी दाबून बसवत. एखादं नाणं, शिंपला, काचेचा तुकडा, मुलाचं खेळणं. पुन्हा आलं तर अंधारात दिव्याच्या उजेडात आपला कोनाडा ओळखू यावा म्हणून.

गट पुढं सरकला. आमची सौ. जागची हलेना. मला वाटलं गुडघा धरला असेल. जवळ गेलो तर भिंतीकडं बघतच हळू म्हणाली, "अहो, आपण कुठं ठेवलं होतं त्याला?"

इथं थोडं मागं जायला हवं. आमचा पहिला मुलगा १९७७ च्या आषाढात पाच महिन्यांचा होऊन गेला. ताप आला, दोन दिवसांत आटोपलं. इतक्या लहान मुलाला अग्नी देत नाहीत, पुरतात. वडील, हिचा भाऊ आणि मी असे तिघे पहाटे गेलो. बायकांनी जायची रीत नव्हती. आल्यावर आईनं हिला सांगितलं, आता त्याचं नाव काढायचं नाही, पुढच्याला दृष्ट लागते. हिनं काढलं नाही. मीही काढलं नाही. नंतर दोन मुली झाल्या, शिकल्या, संसाराला लागल्या. त्यांना मोठा भाऊ होता हे त्यांना ठाऊक आहे, पण त्यावर कधी बोलणं झालं नाही.

आता माझं सांगतो. मी चाळीस वर्षं घरी एकनाथी भागवत वाचतो आहे. सातव्या अध्यायात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो, हे आपल्या वाचकांना मी काय सांगावं. त्यात कपोताची गोष्ट येते. पारध्याच्या जाळ्यात पिलं सापडतात, त्यांच्या मागं कबुतरी जाते, तिच्या मागं कबूतर जातं. अवधूत त्यावरून शिकतो की संसारात अति स्नेह धरू नये. हा भाग मी चांगला रंगवून वाचत असे. आणि दरवेळी तिथं आलं की ही उठून स्वयंपाकघरात जायची. दूध वर येईल, कुकर झाला असेल, काहीतरी निमित्त. मला ते दिसत होतं. बायकांचं चित्त प्रपंचात, असं म्हणून मी पुढची ओवी घेत होतो.

त्या भुयारात पहिल्यांदा मनात आलं की माझा विसर आणि अवधूताचं वैराग्य ही एकच गोष्ट आहे असं मी इतकी वर्षं कुणाच्या जोरावर धरून चाललो? अवधूतानं कपोताकडं पाहिलं होतं, नीट, शेवटपर्यंत. मी पाहिलंच नव्हतं. त्या पहाटे जे केलं ते खाली मान घालून केलं आणि नंतर त्यावर ग्रंथ ठेवून दिला. शिवाय चोवीस गुरू सांगून झाल्यावर अवधूत म्हणतो की हा देहही माझा गुरू आहे. देह तुच्छ म्हणून टाकून द्या, इतकंच त्याचं म्हणणं असतं तर त्याला गुरुपद कशाला दिलं असतं?

आणि तो पादुकांचा अभिमान. श्रीगुरू गाणगापुराहून निघाले तेव्हा भक्त रडू लागले. गुरुचरित्रात ते वाचताना आपलेही डोळे भरतात. सगळी माया आहे, आपापल्या घरी जा, असं महाराज म्हणू शकले असते. ते म्हणाले, आम्ही गुप्तरूपानं इथंच आहोत, आणि मठात निर्गुण पादुका ठेवल्या. निर्गुण, तरी पादुका. माणसाला कपाळ टेकायला एक जागा लागते, हे त्यांनी जाणलं. मी घरातल्या एका माणसापुरतं जाणलं नव्हतं.

बाकीचं भुयार मी पाहिलं, पण लक्ष नव्हतं. एक गोष्ट मात्र डोक्यात राहिली. एका दालनात तिसऱ्या शतकातले नऊ पोप पुरले होते. नवव्या शतकापर्यंत संतांच्या अस्थी गावातल्या चर्चमध्ये हलवल्या, मग इथली ये-जा संपली आणि बरीच भुयारं लोक विसरून गेले. हे दालन १८५४ साली दे रोस्सी या संशोधकानं हुडकून काढलं. तिथं दामासुस नावाच्या चौथ्या शतकातल्या पोपाचा संगमरवरात कोरलेला लेख होता. आपल्यालाही इथं देह ठेवावा असं वाटलं होतं, पण पुण्यवंतांच्या अस्थींना धक्का लागेल म्हणून धीर झाला नाही, असा त्याचा आशय. तो दुसरीकडं पुरला गेला. आपल्याकडं याच्या उलट कथा आहे. आळंदीला अजानवृक्षाची मुळी माउलींच्या गळ्याला लागली, तसा दृष्टान्त झाला आणि नाथमहाराज समाधीत उतरून ती सोडवून आले. दामासुस आदरानं बाहेर थांबला, नाथ प्रेमानं आत उतरले. मला दोघांचंही बरोबर वाटतं. मीही बाहेरच थांबलो होतो. लांबून पाहणाऱ्याला माझं थांबणं आणि दामासुसचं थांबणं सारखंच दिसलं असतं.

तिथं अंधारात मी हिला एवढंच म्हणालो, "वर गेल्यावर सांगतो." संध्याकाळी खोलीवर सांगितलं. कृष्णेच्या काठी, आमच्या गावाच्या वरच्या अंगाला, मळीच्या कडेला एक बाभूळ होती, तिच्या बुडाशी. वर मोठे दगड रचले होते, कोल्ह्याकुत्र्यांनी उकरू नये म्हणून. पण पंधरा दिवसांत पूर आला. पाणी उतरल्यावर मी एकदा जाऊन आलो होतो, हेही सांगितलं. दगड नव्हते.

"कशात गुंडाळलं होतं?"

"तुझ्या हिरव्या पातळात. आईनं अर्धं फाडून दिलं होतं."

ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "अर्धं माझ्याकडं आहे. दुसरं अर्धं कुठं गेलं, मी तेव्हा घरभर शोधलं होतं."

मुलगी शेजारच्या पलंगावर सगळं ऐकत होती. तिनं विचारलं, "नाव काय होतं त्याचं?" नाव हिनं सांगितलं.

परत आल्यावर गुरुद्वादशीला नेहमीसारखे वाडीला गेलो. जाताना हिनं गाडी गावाकडं घ्यायला लावली. बाभूळ कधीच गेलेली. २०१९ च्या पुरात तर काठाची बरीच मळी वाहून गेली आहे. मी ज्या दिशेला हात केला तिथं आता पात्र आहे, पाणी चालू आहे. तेच पाणी खाली वाडीला महाराजांच्या पायऱ्यांशी जातं, पुरात तर गाभाऱ्यातून दक्षिणद्वारानं बाहेर पडतं आणि लोक त्यात स्नान करतात. इतकी वर्षं आम्हीही करत आलो.

ती काठावर उभी राहिली. पिशवीतून काही काढेल असं मला वाटलं होतं, पण तिनं काही काढलं नाही. "बाभूळ इकडं होती की तिकडं?" एवढं परत एकदा विचारलं. मी दाखवलं. मग पदर सावरत म्हणाली, "चला आता, पालखी चुकेल."

घरचं वाचन चालू आहे. यंदा सातवा अध्याय आला तेव्हा कपोताशी मी थांबलो आणि पोथी तिच्याकडं सरकवली. चष्मा पुसून तिनं तो भाग वाचला. अडखळत, माझ्यापेक्षा कितीतरी सावकाश.