तारण

धाकटीच्या नर्सिंगसाठी ३ लाखांचं कर्ज मागायला रातपाळी करून तसाच बँकेत गेलो. साहेब म्हणाला, "सातबारा आण." आमच्या पिढ्या दुसऱ्याच्या बांधावर राबल्या. सातबारा कुठनं आणू? इंडियन बँक्स असोसिएशनच्या योजनेत ४ लाखांपर्यंत तारण लागत नाही, हे मला मागनं कळलं.

मग प्रश्न पडला : हे कर्ज म्हणजे दया की हक्क?

२०२३ साली केरळात एक विद्यार्थी हायकोर्टात गेला. सिबिल स्कोअर कमी म्हणून बँकेनं त्याला कर्ज नाकारलं होतं. कोर्ट म्हणालं, तेवढ्यावरनं शिक्षणाचं कर्ज नाकारता येत नाही, बँकांनी माणुसकीनं बघावं. पैसे द्यायचा हुकूम झाला. चांगलं झालं. पण माझं भांडण त्या 'माणुसकी'शी आहे. माणुसकी दाखवणारा खुर्चीत बसतो, घेणारा हात जोडून उभा राहतो. आम्ही तर व्याजासकट फेडणार आहोत. उद्याची कमाई हेच आमचं तारण. ज्यांची कालची कमाई दुसऱ्यांनी खाल्ली, त्यांच्याकडं इस्टेट मागणं म्हणजे चोरी झालेल्या घरातच चोरीचा माल मागणं.

दोस्तहो, तोंडी नकार घेऊन घरी येऊ नका. लेखी मागा. तोंडचा 'नाही' हवेत विरतो. कागदावरचा 'नाही' कोर्टात उभा करता येतो.