स्वत्व आधी की वाटणी आधी?

एकत्र कुटुंबाच्या मिळकतीचा तंटा दिवाणी न्यायालयात गेला, की हक्काची घोषणा, वाटप, दस्त रद्द करणे किंवा मनाई हुकूम यांपैकी कोणती दाद मागावी, हा प्रश्न वकिली कसबाचा समजला जातो; परंतु त्याच्या बुडाशी स्वत्व, म्हणजे वस्तूवरील मालकी, कशाने उत्पन्न होते हा धर्मशास्त्रातील जुना वाद आहे. चालुक्य सहाव्या विक्रमादित्याच्या (१०७६–११२६) कल्याणीत याज्ञवल्क्यस्मृतीवर ‘मिताक्षरा’ ही टीका लिहिणाऱ्या विज्ञानेश्वराने दायविभागाच्या, म्हणजे वारसाहक्काने आलेल्या धनाच्या वाटणीच्या, आरंभीच हा वाद घेतला आहे. वाटणीने स्वत्व निर्माण होते, की मुळात असलेल्या स्वत्वाचीच वाटणी होते?

विज्ञानेश्वराचा कौल दुसऱ्या बाजूला आहे. वडिलोपार्जित धनात पुत्राचे स्वत्व जन्मापासूनच असते. या मतास जन्मस्वत्ववाद म्हणतात. त्याच्या मते स्वत्व यज्ञातील आहवनीय अग्नीप्रमाणे केवळ शास्त्रानेच कळणारे नाही, ते लौकिक आहे, कारण शास्त्राचा गंध नसलेल्या सीमेवरील लोकांतही खरेदी-विक्री चालते. बंगालमध्ये प्रमाण मानल्या गेलेल्या ‘दायभागा’चा कर्ता जीमूतवाहन मात्र पित्याचे स्वत्व संपल्यावरच पुत्राचे सुरू होते असे मानतो.

हा निव्वळ शब्दच्छल नव्हे. हक्क आधीपासून असेल तर न्यायालय तो देत नाही, फक्त वेगळा करून देते; म्हणूनच वाटपाच्या दाव्यात प्राथमिक हुकूमनामा प्रथम हिस्से ठरवतो आणि सरस-निरस मानाने प्रत्यक्ष तुकडे पाडण्याचे काम नंतर होते, जे शेतसाऱ्याच्या जमिनीबाबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ नुसार जिल्हाधिकाऱ्यांमार्फत चालते. वडिलांच्या पश्चात वारस नोंदीतून बहिणीचे नाव वगळले गेले, सातबाऱ्यावर भावांचीच नावे लागली आणि त्यांनी जमीन परस्पर विकली, असा प्रसंग घेतला तर दादींमधील भेद उघड होतो. फेरफाराने मालकी जात नाही, म्हणून केवळ नोंदीविरुद्ध प्रांताधिकाऱ्यांकडे अपिले करीत बसणे व्यर्थ ठरते. नुसती घोषणा मागितली तर विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ चे कलम ३४ आड येते, कारण पुढील दाद मागता येत असताना ती न मागणाऱ्यास न्यायालय घोषणा देत नाही. भावाला शेतात पाऊल टाकण्यास मनाई मागणेही सहसा टिकत नाही. कारण वाटप होईपर्यंत प्रत्येक सहहिस्सेदार मिळकतीच्या कणाकणाचा मालक असतो. खरेदीखतात बहीण पक्षकार नसल्याने ते आपल्या हिश्श्यावर बंधनकारक नाही एवढी घोषणा, आणि तिच्यासोबत वाटप व स्वतंत्र कब्जा, हीच तिची योग्य दाद होय. मात्र फसवून घेतलेल्या हक्कसोडपत्रावर तिची स्वतःची सही असेल, तर तो दस्त आधी रद्द करून घ्यावे लागते आणि त्याची मुदत, फसवणूक कळल्यापासून, अवघी तीन वर्षांची आहे.

जन्म हेच स्वत्वाचे कारण असेल, तर कन्येचा जन्म का गणला गेला नाही, याला जन्मस्वत्ववादाच्या तर्कात उत्तर नव्हते. ते रूढीत होते. हिंदू उत्तराधिकार अधिनियमाच्या २००५ च्या दुरुस्तीने कन्येला जन्मतः सहदायाद, म्हणजे एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतील जन्मसिद्ध भागीदार, केले, आणि हक्क जन्माचा असल्याने ती लागू झाली त्या दिवशी, ९ सप्टेंबर २००५ रोजी, पिता हयात असणे आवश्यक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली विनीता शर्मा प्रकरणात ठरवले. हा युक्तिवाद विज्ञानेश्वराचाच आहे, फक्त त्याने न काढलेल्या निष्कर्षापर्यंत नेलेला.

मुदतीच्या प्रश्नावर मात्र आजचा कायदा त्याच्यापासून दूर जातो. दुसरा आपली जमीन भोगत असल्याचे पाहूनही वीस वर्षे गप्प राहणाऱ्याची हानी होते, या स्मृतिवचनाचा अर्थ लावताना विज्ञानेश्वर म्हणतो की, हानी उत्पन्नाची होते, भूमीची नव्हे. मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद ११० नुसार एकत्र मिळकतीतून वगळले गेल्याचे कळल्यापासून बारा वर्षांत दावा न आणणाऱ्यास हिस्सा मागताच येत नाही, मग तो हक्क जन्माचा का असेना.