शहराच्या वतीनं कोण बोलणार?

कैरोच्या जुन्या भागाचं उंचावरून टिपलेलं छायाचित्र पडद्यावर आलं आणि शेजारी बसलेले एक नगररचनाकार सहज म्हणाले, "नियोजन नसलं की शहराचं हे असं होतं." व्याख्यान पुढं सरकलं, मला मात्र ते वाक्य सलत राहिलं. त्यात कैरोवर अन्याय होता आणि शहर म्हणजे काय याबद्दलची एक पक्की समजूतही होती.

अन्याय आधी पाहू. कैरोइतकी आखून वसवलेली शहरं त्या काळात फार नसतील. ९६९ साली फातिमींचा सेनापती जौहर यानं नाईलच्या पूर्वेला अल-काहिरा आखली. भोवती तटबंदी, मधून उत्तर-दक्षिण सरळ हमरस्ता, रस्त्याच्या दोन अंगांना खलिफाचे दोन राजवाडे. रयतेला तिथं थारा नव्हता. ती दक्षिणेला फुस्तातमध्ये राहायची, अरब फौजेच्या छावणीतून सातव्या शतकात वाढलेल्या गावात. ११७१ मध्ये सलाउद्दीननं फातिमी खिलाफत संपवली, राजवाड्यांचं आवार लोकांना खुलं झालं आणि पुढच्या तीन शतकांत त्या आखीव चौकटीत घरं, दुकानं, मदरसे, सराया दाटीनं उभ्या राहिल्या. राजवाडे गेले. बैन अल-कसरैन, दोन राजवाड्यांमधली वाट, एवढं नाव उरलं, आणि नगीब महफूझ यांच्या कादंबरीनं ते जगभर नेलं. त्या छायाचित्रातल्या गल्ल्या आराखड्याच्या अभावातून आलेल्या नाहीत. राजाच्या आराखड्यात माणसं राहायला आली, म्हणून त्या झाल्या.

मिनार, घुमट, खान अल-खलीलीचा बाजार, खिडक्यांच्या लाकडी जाळ्या हे वाचकांच्या परिचयाचं आहे. मला कुतूहल आहे ते वेगळ्या गोष्टीचं. या शहराला नगरपालिका नव्हती, महापौर नव्हता, पालिकेचा कर नव्हता. मग तहानेल्याला पाणी, आजाऱ्याला औषध, अनाथ मुलाला अक्षरओळख कोण देत होतं?

बऱ्याच अंशी वक्फ देत होता. एखादा सुलतान, अमीर, व्यापारी किंवा घरंदाज स्त्री आपली मिळकत कायमची बांधून टाकायची आणि तिच्या उत्पन्नातून कोणता खर्च व्हावा ते दानपत्रात लिहून ठेवायची. सुलतान कलावूननं १२८४-८५ मध्ये जुन्या राजवाड्याच्या जागी आपली कबर, मदरसा आणि रुग्णालय एकत्र उभारलं. रुग्णालयाच्या दानपत्रात स्त्री-पुरुष, गरीब-श्रीमंत, गावचे-परगावचे अशा सर्वांना उपचार देण्याची अट आहे. त्याच आवारात आजही डोळ्यांचं रुग्णालय चालतं. सुलतान घौरीची वकाला १५०४-०५ मधली. तळात वखारी, वरच्या मजल्यांवर भाड्याच्या खोल्या, आणि त्या भाड्यावर त्याच्या धर्मदायाचा खर्च भागायचा. मला सर्वांत आवडते ती सबील-कुत्ताब ही छोटी इमारत. खाली पाणपोई, वर मुलांची शाळा. नाईलला पूर आला की उंटांवर पखाली लादून पाणी आणायचं, जमिनीखालची टाकी भरायची आणि वर्षभर जाळीच्या खिडकीतून वाटसरूला फुकट द्यायचं. पाणी देणाऱ्याचं वेतन, मुलांचे कपडे, शिक्षकाची बिदागी हे सगळं कागदावर ठरलेलं. अब्दुर्रहमान कतखुदानं १७४४ मध्ये बांधलेली अशी एक पाणपोई दोन रस्ते फुटतात त्या नाक्यावर अजून दिमाखात उभी आहे.

गल्ल्यांचंही तसंच. ज्या बंद गल्लीवर तुमचं दार उघडतं ती तिथल्या सर्व घरांची सामाईक मानली जाई. नवं दार फोडायचं, सज्जा पुढं काढायचा, तर शेजाऱ्यांची संमती हवी. भांडण झालं तर काझी होता. बाजारातली मापं, भेसळ, वाटेतली अडवणूक पाहायला मोहतसिब होता. तिथं नियम भरपूर होते, फक्त ते एका कचेरीत बसून काढलेले नव्हते.

आता त्या समजुतीकडं येतो. इथं माझ्यासमोर खरा प्रतिपक्षी ते नगररचनाकार नाहीत, समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबर आहे. शहरावरचा त्याचा दीर्घ निबंध त्याच्या मृत्यूनंतर १९२१ मध्ये छापला गेला आणि त्यानं घालून दिलेली कसोटी अजून विद्यापीठांतून शिकवली जाते. तटबंदी, बाजार, स्वतःचं न्यायालय आणि काही अंशी तरी स्वतःचा कायदा, नागरिकांची संघटना, निवडलेल्या अधिकाऱ्यांची स्वायत्त सत्ता, ही पाचही लक्षणं असतील तर पूर्ण अर्थानं नागरी समाज. त्याच्या मते हे पूर्णत्व पश्चिमेतच घडलं. पूर्वेत माणूस शहरात राहिला तरी कुळाचा आणि जमातीचाच राहिला.

माझी हरकत अशी की वेबरनं दोन वेगळी कामं एका मापात घातली. शहर चालवणं हे एक काम, शहराच्या वतीनं बोलणं हे दुसरं. पाणी, दवाखाना, शाळा, रस्त्याचा न्याय हे चालवणं झालं, आणि ते कैरोनं शतकानुशतकं केलं. नगरसभेची इमारत आणि शिक्का दिसला नाही म्हणून तिथं नागरी जीवनच अपुरं होतं असं म्हणणं मला मान्य नाही. ज्या युरोपीय शहरांवरून त्यानं हे माप बेतलं, त्यांतलीही बरीचशी पुढं राजांच्या अमलाखाली गेली.

कुळ आणि जमातीच्या मुद्द्यावर तर फुस्तातच त्याला उत्तर देतं. इथं थोडं आडवाटेला जातो, कारण ही वाट आपल्या किनाऱ्यापर्यंत येते. फुस्तातच्या बेन एझ्रा सिनेगॉगमध्ये जुने कागद साठवायची एक बंद खोली होती, गेनिझा. देवाचं नाव असलेला कागद फाडायचा नाही, या श्रद्धेमुळं तिथं प्रार्थनेच्या पानांबरोबर हिशेब, करार, घरगुती पत्रंही जमत गेली. १८९६-९७ मध्ये सॉलोमन शेख्टर यांनी त्यातला मोठा भाग केंब्रिजला नेला, तिथंच सुमारे दोन लाख तुकडे आहेत. एस. डी. गॉयटाइन यांनी त्यांवर आयुष्य वेचलं. त्या कागदांत दिसतं की फुस्तातमधल्या घराचे चोवीस भाग कल्पून त्यांतले काही विकले जात, गहाण पडत, आणि एकाच घराचे वाटेकरी मुसलमान, ख्रिस्ती, ज्यू असू शकत. ज्यू व्यापारी आपला दस्त काझीपुढंही नोंदवत. याच पत्रव्यवहारात हिंदी महासागरातला व्यापार येतो आणि कोकण किनाऱ्यावरच्या ठाण्याचं नाव येतं. बाराव्या शतकात मंगळूरला राहिलेला अब्राहम बेन यिजू तिथं काशाच्या वस्तू घडवून घ्यायचा, आणि त्याला एडनहून कागद पाठवला जायचा, कारण चांगला कागद त्याला इकडं मिळत नव्हता. आपल्या किनाऱ्याचा त्या काळातला असा रोजच्या व्यवहाराचा पुरावा फुस्तातच्या अडगळीत राहिला, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

इथवर वाद माझ्या बाजूनं सोपा होता. अवघड भाग पुढं आहे. १३८३ च्या सुमारास कैरोला येऊन पुढं तिथंच काझी झालेला इब्न खल्दून या दानांकडं भाबडेपणानं पाहत नाही. तुर्की अमिरांना धास्ती होती की आपल्यामागं सुलतान आपल्या मुलाबाळांची मालमत्ता ओढून घेईल. म्हणून त्यांनी मदरसे, खानकाह बांधले, मिळकती वक्फ केल्या आणि मुलांना त्यांचे व्यवस्थापक किंवा वाटेकरी नेमलं, असं तो स्पष्ट लिहितो. इतिहासकार मक्रीझी कैरोतच जन्मला, काही काळ तिथला मोहतसिबही होता. कलावूनच्या इमारतीसाठी रस्त्यानं जाणाऱ्यांनासुद्धा वेठीला धरलं जाई, हे त्यानं नोंदवलं आहे. सबळ अमीर न्यायाधीशांना हाताशी धरून दुसऱ्याचा जुना वक्फ बदलून घेत, हेही त्याच्याकडूनच कळतं.

दात्याचा हेतू काहीही असो, पाणी मिळत होतं. एवढ्यानं माझा मुद्दा पडत नाही. तो कुठं कमी पडतो हे १७९८ पासूनच्या घटना दाखवतात. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात कैरो नेपोलियनच्या फौजेविरुद्ध उठलं. फ्रेंचांनी मोहल्ल्यांची दारं काढायला लावली. रात्री बंद होणारी ही दारं म्हणजे प्रत्येक मोहल्ल्याची स्वतःची सुरक्षा होती. कैरोचा इतिहासकार जबर्ती यानं हे सारं पाहून लिहून ठेवलं आहे. १८०५ मध्ये मात्र कैरो खरोखर बोललं. उमर मक्रम आणि उलेमांच्या पुढारीपणाखाली लोकांनी उस्मानी सुभेदार खुर्शीद पाशाला वेढा घातला आणि उस्मानी फौजेतला सरदार मुहम्मद अली याला सुभेदार करायला लावलं. पूर्वेकडचं शहर एकदिलानं काही ठरवू शकत नाही या मताला याहून सणसणीत उत्तर मला ठाऊक नाही.

पण ज्याला लोकांनी बसवलं त्याच मुहम्मद अलीनं १८०९ मध्ये उमर मक्रमला हद्दपार करून दमिएटाला धाडलं, आणि पुढच्या काही वर्षांत वक्फच्या शेतजमिनी सरकारकडं ओढून घेतल्या. शहर त्याला जाब विचारू शकलं नाही. १८०५ चा आवाज माणसांचा होता. ती माणसं हटवली की तो आवाज टिकवून धरणारी सभा, दप्तर, कायद्यानं मिळालेलं आसन काहीच नव्हतं. प्रत्येक दानपत्र आपल्या पाणपोईसाठी बोलत होतं, आपल्या मदरशासाठी बोलत होतं. अख्ख्या शहरासाठी बोलणारं दानपत्र कुणी लिहिलंच नव्हतं. १८६७ चं पॅरिसचं प्रदर्शन पाहून आलेल्या खेदिव इस्माईलनं १८७० च्या दशकात जुन्या वस्तीतून मुहम्मद अली रस्ता सरळ कापत नेला. वाटेतली शेकडो घरं गेली, कौसूनच्या मशिदीचाही मोठा भाग गेला. शेजाऱ्याच्या दारासाठी संमती मागणारं शहर या रस्त्यापुढं मुकं राहिलं.

म्हणून मला वेबरचं अर्धं म्हणणं मानावं लागतं, आणि ते मी त्याच्याशी भांडायला बसलो तेव्हा मानत नव्हतो. त्यानं दिलेलं कारण चुकीचं आहे. कुळ-जमात हा अडसर नव्हता, चोवीस भागांची घरं त्याची साक्ष देतात. पण शहर उत्तम चालवता येणं पुरेसं नसतं, हे त्याचं बरोबर आहे. चालवण्याची सगळी साधनं वरच्या हुकमानं काढून घेता येतात. कैरोत ती तशीच गेली. तिथं नगरपालिका आली १९४९ मध्ये, आणि १९५२ मध्ये खासगी वक्फ रद्द होऊन उरलेले धर्मदाय पुढं सरकारी खात्याकडं गेले.

१९७९ पासून जुनं कैरो युनेस्कोच्या वारसा यादीत आहे. तरी २०२० पासून तिथल्या ऐतिहासिक दफनभूमीतून रस्ते काढताना कबरी पाडल्या गेल्या. शहराच्या पूर्वेला पंचेचाळीस किलोमीटरवर नवी राजधानी बांधून मंत्रालयं तिकडं हलवली गेली, जौहरच्या अल-काहिरेसारखीच रयतेपासून दूर. यावर कैरोकरांचं मत मांडणारी निवडून आलेली सभा नाही. गव्हर्नरची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करतात. स्थानिक परिषदा २०११ मध्ये बरखास्त झाल्या आणि त्यांच्या निवडणुका त्यानंतर झालेल्या नाहीत.