काळात वाढणाऱ्या वृक्षांचे शास्त्र

झाड जसे मूळ, खोड आणि फांद्या यांनी अवकाशात पसरलेले असते, तसेच ते काळातही पसरलेले आहे असे मानून, बीज, रोप, बहर आणि वठलेले खोड यांना एकाच वस्तूचे अवयव समजणारे एखादे शास्त्र कल्पिले, तर त्याच्यापुढे पहिला प्रश्न तत्त्वज्ञानाचाच उभा राहील. सरलेला काळ आणि यायचा काळ हे खरोखर ‘आहेत’ काय, आणि नसतील तर झाडाला ‘एक’ कशाच्या बळावर म्हणायचे?

वृक्षाचा देह या प्रश्नाला विशेष अनुकूल आहे. प्राण्याचे शरीर जुने टाकत नवे घडवते. झाड मात्र जुन्यावर नवे चढवत जाते. खोडाची जाडी वाढते ती सालीलगतच्या, पेशी विभागणाऱ्या एका पातळ थरामुळे, आणि गाभ्यातले मध्यकाष्ठ, म्हणजे ज्यातून रस वाहणे थांबले आहे असे जुने लाकूड, निर्जीव होऊनही झाडाला उभे धरते. सागासारख्या वृक्षात वर्षावर्षाची वलये स्पष्ट उमटतात, आणि पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेत अशा वलयांवरून पूर्वीच्या पावसाचा मागोवा घेतला गेला आहे. येथे भूतकाळ आत आहे आणि वर्तमान सालीलगत.

बौद्धांच्या सर्वास्तिवादी संप्रदायाला हे चित्र जवळचे वाटले असते. भूत, भविष्य आणि वर्तमान या तिन्ही काळांतील धर्म, म्हणजे अस्तित्वाचे मूलघटक, सारखेच सत् आहेत, असे हा संप्रदाय मानतो. त्याचे आचार्य वसुमित्र यांच्या मते तिन्हींतला भेद केवळ कारित्राचा, म्हणजे आपले कार्य करीत असण्याचा किंवा नसण्याचा, आहे. मात्र वलयांचा दाखला या मताला वाटतो तेवढा आधार देत नाही, कारण शंभर वर्षांपूर्वीचे वलय आज दिसते ते आजचे लाकूड म्हणून. ज्या पावसाने ते घडवले तो पाऊस खोडात नाही. खूण उरणे आणि काळ उरणे या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या नाहीत, तर हे कल्पित शास्त्र पहिल्याच पावलाला घसरेल.

बीजाच्या बाजूने पाहिले असता सांख्यांचा सत्कार्यवाद पुढे येतो, ज्यानुसार कार्य उत्पत्तीपूर्वीही कारणात अव्यक्त रूपाने असतेच. न्याय-वैशेषिकांना हे मान्य नाही, त्यांच्या मते कार्य नव्याने आरंभले जाते. इस्राएलमधील मसादा या प्राचीन किल्ल्याच्या उत्खननात सापडलेले सुमारे २,००० वर्षांपूर्वीचे खजुराचे एक बी २००५ मध्ये त्याच देशात रुजवले गेले तेव्हा अंकुरले. इतकी शतके ते झाड बीजात दडून होते असे म्हणावे, तर माती, पाणी आणि रुजवणारे हात यांचा वाटा केवळ पडदा बाजूला सारण्याचा ठरतो, आणि हे पटत नाही.

सर्वांत समाधानकारक उत्तर वसुबंधूंच्या अभिधर्मकोशभाष्यात मिळते. फळ थेट बीजातून येत नाही. अंकुर, कांड, पान, फूल अशी क्षणांची जी अखंड मालिका बीजापासून सुरू होते, तिच्या अखेरच्या विशिष्ट परिणामातून ते येते, आणि कर्माचे फळही याच रीतीने, कोणताही नित्य आत्मा न मानता, उद्भवते. मिलिंदपञ्हातील आंब्यांच्या चोराचा दृष्टांत याच विचाराचा आहे: मालकाने पेरले ते आंबे वेगळे आणि आपण तोडले ते वेगळे, हा चोराचा बचाव टिकत नाही, कारण तोडलेले आंबे पेरलेल्या आंब्यांवाचून झालेच नसते. झाडाचे एकत्व अशा रीतीने कार्यकारणाच्या सलगतेत सापडते, आणि नैतिक दायित्व उभे राहायला तेवढे पुरेसे आहे.

तरीही बोधिवृक्ष या उत्तरालाही कठीण पेच घालतो. परंपरेनुसार अशोककन्या संघमित्रेने बोधगयेहून श्रीलंकेत नेलेली फांदी इसवी सनपूर्व तिसऱ्या शतकात अनुराधपुरात लावली गेली. नागपूरच्या दीक्षाभूमीवरील बोधिवृक्ष त्याच अनुराधपूरच्या वृक्षाचा वंशज आहे. बोधगयेचा जुना वृक्ष १८७६ मध्ये वादळात पडला आणि आजचा त्यानंतर लावलेला आहे. ज्या वृक्षाखाली बुद्धांना सम्यक संबोधी, म्हणजे पूर्ण ज्ञान, झाली त्याची मालिका अशी अनेक ठिकाणी एकाच वेळी चालू राहते, आणि प्रत्येक शाखा तितक्याच अधिकाराने मूळ वृक्षाशी सलग आहे. भाविक यांतील कोणत्याही वृक्षापुढे नतमस्तक होताना चूक करीत नाही, असे म्हणायला सलगतेचा सिद्धांत पुरतो. पण त्यातून हेही निष्पन्न होते की मालिका एकाच रेषेत चालण्याचे बंधन मुळात नाही, आणि कर्माची मालिका जर वृक्षासारखीच असेल, तर एका कृतीची फळे एकाच जीवाच्या वाट्याला का यावीत, याचे कारण कर्मसिद्धांताला स्वतंत्रपणे द्यावे लागेल.