पटाबाहेरचा डाव

राजगडाच्या संजीवनी माचीला दुहेरी तटबंदी आहे. दोन भिंतींमधली वाट इतकी अरुंद, की तीत उतरलेला माणूस खालून दिसत नाही. बाहेरची भिंत पडली तरी आत दुसरी उभी आहे, हे चढून येणाऱ्या शत्रूला आधी कळत नाही. भोर-वेल्ह्याच्या मुलखात व्याख्यात्यांच्या तोंडी हमखास येणारी एक उपमा म्हणूनच मला खटकते : शिवरायांनी इथे मांडलेला बुद्धिबळाचा डाव. तोरणा, राजगड, रोहिडा हे मोहरे पटावर मांडले की ऐकायला बरे वाटते. पण गनिमी कावा आणि बुद्धिबळ यांचे स्वभाव एकमेकांच्या उलट आहेत. काव्याचा प्राण लपण्यात आहे, आणि बुद्धिबळात लपायला जागाच नाही. चौसष्ट घरे, बत्तीस मोहरे, दोघांच्या डोळ्यांसमोर सारखेच. पत्त्यांत हातातली पाने झाकलेली असतात, सारीपाटात फाशांची लहर असते. इथे हरणाऱ्याला दोष द्यायला नशीबही उरत नाही.

त्यामुळे बुद्धिबळ हा सर्वांत न्यायी खेळ, असे म्हणतात. खेळापुरते ते खरेही आहे. पण ज्यांनी या खेळावर आयुष्य लावले त्यांची चरित्रे वाचू लागले, की वेगळेच काही दिसते. पटावर जितके उघडे, तितकेच पटाबाहेर झाकलेले. आणि पुष्कळदा निकाल तिथेच ठरत आलेला.

2010 मध्ये सोफियाला विश्वनाथन आनंदने टोपालोव्हला हरवून जगज्जेतेपद राखले. कास्पारोव्ह, क्रामनिक आणि कोवळा कार्लसन यांनी तयारीत आपल्याला मदत केली होती, हे त्याने सामना संपल्यावर सांगितले. पटावर तो एकटाच बसला होता. गनिमी कावा बुद्धिबळात नाही असे म्हणताना एवढी दुरुस्ती करावी लागते : तो आहे, पण पहिली चाल होण्यापूर्वीच खेळून झालेला असतो.

जगज्जेत्याला निदान अशी तयारी परवडते. त्याच्या खाली, जिथे बहुतेकांची कारकीर्द घडते किंवा मोडते, तिथे आधीचा प्रश्न असतो तो पटासमोर बसायला मिळण्याचा. 1976 साली तेरा वर्षांची रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. त्याआधी दोन वर्षे महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा तिच्याच बहिणीने, वासंतीने, जिंकली होती. जयश्री ही तिसरी बहीण. पण पुरुषांच्या स्पर्धेत मुलगी, यावरून गदारोळ उठला. प्रकरण उच्च न्यायालयात गेले, आणि शेवटी जागतिक महासंघाचे अध्यक्ष माक्स यूवे यांनी निर्णय दिला : राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून स्त्रियांना वगळता येणार नाही. रोहिणीने पुढे आशियाई विजेतेपद दोनदा मिळवले. पण तिची सर्वांत दूरवर पोचलेली चाल कोणत्याही डावाच्या नोंदीत सापडणार नाही, कारण ती पटावर झालीच नाही. आणि ती करता आली याचे एक कारण असे, की वडील नीळकंठ खाडिलकर ‘नवाकाळ’चे संपादक होते, भांडायचे कसे, हे त्या घराला माहीत होते.

पटासमोर बसायला मिळाले, तरी पुढचा प्रश्न मोजले जाण्याचा. प्रवीण ठिपसे यांनी 1985 मध्ये राष्ट्रकुल विजेतेपद जिंकले. ग्रँडमास्टर किताब मात्र त्यांना मिळाला 1997 मध्ये, चाळिशीच्या उंबरठ्यावर. हा किताब एरवी कोणी एक स्पर्धा पाहून देत नाही. 2500 मानांकन लागते आणि तीन नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे परदेशी आणि किताबधारी प्रतिस्पर्ध्यांविरुद्ध ठरावीक दर्जाची कामगिरी. त्या काळी असे प्रतिस्पर्धी मुख्यतः युरोपात भेटत. मॅन्युएल एरन 1961 मध्ये देशाचे पहिले इंटरनॅशनल मास्टर झाले, आणि पहिला ग्रँडमास्टर यायला 1988 उजाडले. मधल्या सत्तावीस वर्षांत देशातली बुद्धी झोपली होती असे नाही. तिला मोजणारी माणसे समुद्रापलीकडे होती.

पुण्याचे अभिजित कुंटे हे भारताचे चौथे ग्रँडमास्टर, 2000 सालचे. दोनदा राष्ट्रीय विजेते, 2003 मध्ये ब्रिटिश विजेते. 2024 मध्ये बुडापेस्टला भारतीय महिला संघाने ऑलिंपियाडचे सुवर्ण जिंकले, तेव्हा ते संघाचे कर्णधार होते. बुद्धिबळाचा कर्णधार खेळत नाही, डाव चालू असताना चाल सुचवत नाही. पाचांपैकी आज कोणी बाहेर राहायचे, हे तो ठरवतो. त्याचा चांगला निर्णय गुणतक्त्यात उमटतो तो दुसऱ्याच्या नावापुढे.

त्या संघातच नागपूरची दिव्या देशमुख होती. 28 जुलै 2025 रोजी बाटुमीला, एकोणिसाव्या वर्षी, तिने कोनेरू हंपीला हरवून महिलांचा विश्वचषक जिंकला आणि ती देशाची 88वी ग्रँडमास्टर झाली. तोवर तिच्याकडे एकही नॉर्म नव्हता. विजेतीला किताब थेट मिळतो, या नियमाने तिने नॉर्मचा जिना टाळला. तिचे कौतुक करताना कर्तृत्व तिचेच मानावे. पण दिव्या काय किंवा नाशिकचा विदित गुजराथी काय, दोघेही डॉक्टर आई-वडिलांच्या घरात वाढले, हेही नजरेआड करू नये. पूर्वी कलावंताला संस्थानिक पोसत. आजच्या लहान बुद्धिबळपटूचा दरबार म्हणजे त्याचे आई-बाप.

पुण्याहून बुद्धिबळाचे जुने ठाणे असलेल्या सांगलीकडे निघाले, की महामार्गावर चेलाडी फाट्याला वेल्ह्याची वाट फुटते आणि कापूरहोळला भोरची. इथल्या मुलाला आज मोबाइलवर जगातल्या कुणाशीही फुकट खेळता येते. त्याने खेळ सुधारतो. पण जागतिक मानांकन मिळते ते महासंघाने मान्य केलेल्या स्पर्धेत, समोरासमोर बसून. म्हणजे ताकद घरी वाढू शकते, तिची गणना मात्र गाडी पकडून गाठावी लागते. आपल्याकडे ग्रँडमास्टर का नाही, असा प्रश्न एखाद्या डोंगरी तालुक्याने विचारलाच, तर त्याचे उत्तर मुलांच्या डोक्यात शोधू नये. ते एसटीच्या वेळापत्रकात शोधावे, स्पर्धेच्या प्रवेश शुल्कात शोधावे, आणि दोन दिवस मुलासोबत जाणाऱ्या बापाच्या बुडालेल्या मजुरीत शोधावे.