काळा गाभा आणि टाकलेलें लांकूड

यहेज्केल संदेष्ट्याच्या पुस्तकाच्या २७ व्या अध्यायांत सोर नगरीच्या बाजारपेठेचें वर्णन आहे. त्यांतील १५ व्या वचनांत हस्तिदंत व आबनूस हे दोन जिन्नस शेजारीं शेजारीं आले आहेत. एक शुभ्र, दुसरा काळा. दोन्ही दूर देशांतून आणिलेले व दोन्ही धनवंतांच्या हौसेचे. सोरचें तें वैभव लयास गेलें, परंतु ती हौस गेली नाहीं. तिजवरून एक प्रश्न आज वाचकांपुढें ठेवावयाचा आहे: जी वस्तु आपण आपल्या हातानें नासली नाहीं, पण आपल्या आवडीसाठीं दुसऱ्यानें नासली, तिचा जाब देवापुढें आपणांस द्यावा लागेल काय?

आबनूस हें एकाच झाडाचें नांव नव्हे. लंकेंत, मादागास्कर बेटांत व मध्य आफ्रिकेंत त्याच्या निरनिराळ्या जाति आहेत. आपल्या रानांतील टेंभुर्णी, जिचीं पानें विड्यांसाठीं गोळा करितात, ती त्याच कुळांतली. कॅमेरून देशाच्या दाट अरण्यांतला आबनूस फार सावकाश वाढतो. आजोबानें लाविलेलें रोप नातवास तोडावयास मिळेलच असें नाहीं. त्याचें बाहेरचें लांकूड फिकें असतें, आंतला गाभा मात्र काळा, घट्ट व गुळगुळीत निघतो. व्हायोलिन व गिटार या वाद्यांच्या ज्या पट्टीवर वाजविणाऱ्याचीं बोटें फिरतात ती पट्टी, तसेंच सुऱ्यांच्या मुठी, या लांकडाच्या करितात. इतकी तोड झाली कीं आज या झाडाची गणना धोक्यांत असलेल्या जातींत होते.

परंतु सर्वच झाडांचा गाभा निखळ काळा नसतो. पुष्कळांच्या गाभ्यांत तपकिरी व करड्या रेषा असतात. उभ्या झाडाकडे पाहून हें कळत नाहीं. कुऱ्हाड चालल्यावरच कळतें. २०११ सालीं बॉब टेलर या अमेरिकन गिटार-निर्मात्याच्या कंपनीनें एका स्पॅनिश कंपनीसह कॅमेरूनची राजधानी याउंदे येथील आबनुसाची गिरणी विकत घेतली. तेव्हां तोडणाऱ्यांकडून त्यास समजलें कीं निखळ काळें असें एक झाड मिळेपर्यंत सुमारें दहा झाडें पाडावीं लागतात. उरलेलीं नऊ अरण्यांतच कुजत पडत, कारण त्यांचें मोल कोणी देत नसे.

आतां दोष कोणाचा? तोडणारा म्हणेल, “मी गरीब मनुष्य; ज्याचे पैसे मिळतात तेंच खांद्यावर घेतों.” व्यापारी म्हणेल, “गिऱ्हाइकास नको तें मी कशास आणूं?” गिऱ्हाईक म्हणेल, “मीं तर तें अरण्य पाहिलेंही नाहीं. पदरचा पैसा देऊन चांगला माल मागणें हें पाप आहे काय?” या तिन्ही उत्तरांत कांहीं सत्य आहे. चांगला माल मागणें हें पाप नव्हे. परंतु रेषांच्या लांकडाची पट्टी नादांत उणी नाहीं व टिकण्यांतही उणी नाहीं. मग जें उणें होतें तें लांकडांत नव्हे, तर आमच्या डोळ्यांत होतें. केवळ रंगासाठीं नऊ झाडें पडलीं, आणि ज्याच्या आवडीनें कुऱ्हाड चालविली त्याच्या हाताला घट्टे पडले नाहींत एवढ्यावरून तो निर्दोष ठरत नाहीं. अहाबानें नाबोथावर स्वतः धोंडा उचलला नव्हता, तरी एलीयानें जाब अहाबासच विचारिला.

टेलर यानें रेषांचें लांकूडही घ्यावयाचें, त्याचें मोल द्यावयाचें व इतर वाद्यनिर्मात्यांसही तें पतकरावयास सांगावयाचें असें ठरविलें. पुढें २०१६ पासून कॅमेरूनमधील गांवकऱ्यांच्या हातून आबनुसाचीं व फळझाडांचीं हजारों रोपें लाविण्याचें कामही सुरू झालें. पांच हजारांस जेवूं घातल्यावर प्रभूनें उरलेले तुकडे गोळा करविले, तेव्हां बारा टोपल्या भरल्या, असें योहानाच्या ६ व्या अध्यायांत आहे. ज्याच्या हातीं भाकरी वाढविण्याचें सामर्थ्य होतें त्यानेंही तुकडा वायां जाऊं दिला नाहीं. मग ज्यांस एक झाडही निर्माण करितां येत नाहीं, त्यांनीं नऊ झाडें टाकून द्यावीं काय?

याच झाडाविषयीं आणखी एक गोष्ट आहे. २०२५ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका शास्त्रीय शोधांत असें आढळलें कीं, कॅमेरूनच्या ज्या अरण्यांतून हत्ती नाहींसे झाले तेथें आबनुसाचीं लहान रोपें सुमारें दोन-तृतीयांशानें कमी आहेत. हत्ती फळें खातो. बीं लिदींत झांकलेलें पडतें, उंदरांच्या दांतांतून वांचतें व मूळ झाडापासून दूर रुजतें. म्हणून ज्यानें दांतांसाठीं हत्ती मारिला त्यानें नकळत आबनुसाचा पेरणाराही मारिला. सोरच्या व्यापाऱ्यानें दोन्ही जिन्नस एका दुकानांत मांडिले. देवानें अरण्यांत त्यांची सांगड कशी घातली होती हें त्यास ठाऊक नव्हतें. अज्ञानानें केलेल्या नासाडीचेंही फळ पिकतेंच.

प्रिय बंधुभगिनींनो, आमच्या खेड्यांत आबनूस विकत घेणारा कोणी नसेल. पण निखळ रंग मागण्याची खोड आम्हांतही आहे. सून पाहतांना रंग पाहतों. मंडळींत नवा मनुष्य आला तर पूर्वीच्या जिण्याची एखादी रेषा दिसतांच त्यास बाजूस टाकितों. शमुवेलाच्या पहिल्या पुस्तकाचा १६ वा अध्याय सांगतो कीं परमेश्वर मनुष्याचें अंतःकरण पाहतो. पण आबनुसाचा गाभा पाहण्यासाठीं मनुष्यास झाड पाडावें लागतें. देव आमचा गाभा आम्हांस उभें ठेवून पाहतो, आणि त्यांत रेषा दिसल्या तरी आम्हांस टाकून देत नाहीं. ज्यांस अशा रीतीनें पतकरिलें गेलें, त्यांनीं झाड असो वा मनुष्य असो, केवळ आपल्या आवडीसाठीं त्याचा नाश होऊं देऊं नये. आणि कांहीं घेण्यापूर्वीं, यासाठीं मागें काय पडून राहिलें, एवढें तरी विचारावें.