देश गरीब होता म्हणे

राज्य क्रीडा दिनाच्या कार्यक्रमात परवा जे उत्तर दिलं गेलं, ते ऐकल्यापासून डोकं ठिकाणावर नाही. प्रश्नमंजूषेत पोरांनी धडाधड उत्तरं दिली. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक? खाशाबा जाधव, 1952, हेलसिंकी, कांस्य. टाळ्या झाल्या. मग एका मुलीनं विचारलं, एवढ्या मोठ्या पैलवानाला सरकारनं जिवंतपणी पुरस्कार का दिला नाही? व्यासपीठावरून उत्तर आलं, ‘‘बाळ, तेव्हा देश गरीब होता.’’

गरिबी काय असते ते खाशाबांच्या गोळेश्वरला जाऊन विचारा. आपल्या उंब्रजपासून लांब नाही, कराडला लागूनच आहे. हेलसिंकीसाठी लोकांनी वर्गणी जमवली. राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी राहतं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले, त्या काळातले सात हजार. पदक घेऊन आल्यावर खाशाबांनी कुस्त्यांची मैदानं भरवून ते घर सोडवलं. कर्ज मास्तरांनी काढलं आणि फेडलं पैलवानानं. सरकारच्या तिजोरीला यात तोशीस पडली कुठे?

आता जिथं पैसा लागतच नव्हता, तिथलं बघा. जपानच्या इशीईबरोबरची कुस्ती पंधरा मिनिटांच्या वर चालली. ती संपते न संपते तोच सोव्हिएत मामेदबेकोवबरोबर लढायला बोलावलं. दोन कुस्त्यांमध्ये अर्धा तास विश्रांती मिळायला हवी होती, पण ती मागून घ्यायला आपला एकही अधिकारी गादीजवळ नव्हता, असंच आपल्याकडे आजवर सांगितलं जातं. गादीशेजारी उभं राहायला किती खर्च येतो? पद्म पुरस्कार सुरू झाले 1954 साली, अर्जुन 1961 साली. खाशाबा 1984 पर्यंत होते. म्हणजे अर्जुनसाठी सरकारला तेवीस वर्षं मिळाली होती. एक कागद, एक सही. एवढीही ऐपत नव्हती? 1955 मध्ये ते पोलिसात फौजदार म्हणून लागले आणि बढती वर्षानुवर्षं अडून राहिली. बढती द्यायला काय परकीय चलन लागतं? 1982 साली याच गरीब देशानं दिल्लीत एशियाड थाटात भरवलं. त्याची मशाल घेऊन धावायला मात्र खाशाबांची आठवण झाली. अर्जुन मिळाला तो 2000 सालचा, अपघातात गेल्यानंतर सोळा वर्षांनी.

शिफारसच कुणी केली नाही, असंही एक कारण सांगतात. ते सोडून देतो.

हायवेला खाशाबांच्या जयंतीचे फ्लेक्स लागले, त्यात खाशाबा सुपारीएवढे आणि शुभेच्छुक परातीएवढे. गावात तालमीची गादी फाटलेली असताना फ्लेक्सला पैसे निघतात, याची मला चीड येते.

आणि पेठ इस्लामपूरच्या मुरलीकांत पेटकरांचा प्रश्न त्या मंजूषेत का नव्हता? 1965 च्या युद्धात गोळ्या झेललेला हा जवान 1972 मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिंपिकमध्ये 50 मीटर पोहायला उतरला आणि 37.33 सेकंदांत सुवर्णपदक घेऊन आला. पद्मश्री मिळाली 2018 मध्ये. सेहेचाळीस वर्षं देश गरीबच होता का?

गोळेश्वरच्या कुस्ती संकुलाची घोषणा झाली, निधीचे आकडे पेपरात आले, काम काही हलेना. शेवटी खाशाबांच्या घरच्यांनी हेलसिंकीचं ते पदकच लिलावात काढायचं ठरवल्याचं जाहीर केलं. हे साल 1952 नव्हतं, 2017 होतं. पुण्याहून कराडला येताना तेव्हा आपण सगळे टोल भरत होतो.